गोदातीरावरील गुरुगादी

विक्रम संवत १७६५ च्या कार्तिक शुद्ध पंचमीस, म्हणजे ७ ऑक्टोबर १७०८ रोजी, नांदेड येथे गोदावरीच्या तीरावर शिखांचे दहावे गुरू श्रीगुरू गोविंदसिंह यांनी देह ठेवला. त्या वेळी त्यांच्या वयाची बेचाळीस वर्षेही पुरी झालेली नव्हती. चारही पुत्र कामी आले होते, माता गुजरीचा अंत शत्रूच्या बंदिवासात झाला होता, ज्या आनंदपूरला त्यांनी नगराचे आणि किल्ल्याचे रूप दिले ते हातचे गेले होते, आणि पंजाब शेकडो कोस दूर राहिला होता. लौकिक हिशेबाने पाहिले तर हा एका पराभूत पुरुषाचा परमुलुखातील शेवट होता. परंतु त्याच मुक्कामी त्यांनी असा एक निर्णय दिला की, ज्याच्या बळावर त्यांचा पंथ पुढील तीन शतके टिकला आणि वाढला. आपल्यानंतर कोणीही देहधारी गुरू होणार नाही. 'ग्रंथ' हाच गुरू, आणि त्या ग्रंथासमोर एकत्र येणारा खालसा पंथ हा त्या गुरूचा देह, असा तो निर्णय होता.

नांदेड आणि बिदर ही गावे १९५६ पर्यंत हैदराबाद राज्यात होती. त्यामुळे या राज्यातील जुन्या मराठी कुटुंबांना हजूर साहिबचा कळस आणि निळ्या पोशाखातील निहंग परके नाहीत. गुरू गोविंदसिंहांच्या पराक्रमाच्या आणि त्यांच्या बालपुत्रांच्या बलिदानाच्या कथाही मराठी वाचकांच्या परिचयाच्या आहेत. मात्र त्यांच्या चरित्रातील या शेवटच्या निर्णयाकडे आपल्याकडे फारसे लक्ष गेलेले दिसत नाही. 'वारस उरला नाही, म्हणून ग्रंथाला गादी दिली,' असे त्याचे सोपे स्पष्टीकरण पुष्कळदा ऐकू येते. ते कितपत खरे आहे, हे पाहण्यासाठी त्यांचे सारे चरित्रच एकदा नीट तपासले पाहिजे.

गादीचा प्रश्न

गुरू नानकांनी (१४६९–१५३९) आपल्यामागे गुरुपद दिले ते पुत्रांना नव्हे, तर लहणा नावाच्या एका शिष्याला. तेच दुसरे गुरू अंगददेव होत. तिसरे गुरू अमरदास यांनीही पुत्रांना डावलून जावई रामदास यांची निवड केली. परंतु चौथ्या गुरूंपासून गादी सोढी घराण्यात राहिली आणि तिच्याबरोबर भाऊबंदकीही आली. पाचवे गुरू अर्जुनदेव यांच्याविरुद्ध थोरले बंधू पृथीचंद उभे राहिले. सातव्या गुरूंचे थोरले बंधू धीरमल यांनी मूळ ग्रंथाची प्रत आपल्याकडे ठेवून कर्तारपुरास वेगळी गादी मांडली. आठवे गुरू हरकृष्ण १६६४ मध्ये बालवयातच देवीच्या रोगाने वारले. तेव्हा बकाला या गावी स्वतःला गुरू म्हणविणारे बावीस जण गाद्या घालून बसले होते, असे शीख परंपरा सांगते. अखेर सहाव्या गुरूंचे पुत्र तेगबहादूर यांना संगतीने नववे गुरू मानले.

या कलहांच्या जोडीला दुसरा एक प्रवाह वाहत होता. अर्जुनदेवांनी १६०४ मध्ये 'आदि ग्रंथ' सिद्ध केला आणि अमृतसरच्या हरमंदिरात त्याची स्थापना केली. लेखनाचे काम भाई गुरदास यांनी केले, तर पहिले ग्रंथी म्हणून बाबा बुड्ढा यांची नेमणूक झाली. या ग्रंथात गुरूंच्या वाणीबरोबर कबीर, रविदास, शेख फरीद आणि आपले संत नामदेव यांचीही पदे आहेत. नामदेवांची एकसष्ट पदे त्यात आली आहेत. ग्रंथसिद्धीनंतर दोनच वर्षांनी, १६०६ मध्ये, जहांगीराच्या कारकिर्दीत अर्जुनदेवांना लाहोर येथे हालहाल करून मारण्यात आले. त्यांचे पुत्र हरगोविंद यांनी कमरेला दोन तलवारी बांधल्या. एक 'पीरी'ची, म्हणजे आध्यात्मिक अधिकाराची आणि दुसरी 'मीरी'ची, म्हणजे लौकिक सत्तेची. साधुत्व आणि क्षात्रतेज यांची जी सांगड गोविंदसिंहांच्या नावाने ओळखली जाते, तिची सुरुवात अशी त्यांच्या आजोबांपासून झालेली होती.

ग्रंथाचा शब्द कोणत्याही वारसाहून मोठा, हे सूत्रही गोविंदसिंहांच्या आधीच उमटले होते. सातवे गुरू हरराय यांचे थोरले पुत्र रामराय औरंगजेबाच्या दरबारात गेले असता, बादशहाची मर्जी राखण्यासाठी त्यांनी नानकवाणीतील एक शब्द बदलून सांगितला. ही वार्ता कळताच पित्याने त्यांचे तोंड पाहणे वर्ज्य केले आणि गादी धाकट्या मुलाला दिली. एका शब्दापायी ज्येष्ठ पुत्राचा हक्क गेला, ही गोष्ट पुढचा इतिहास समजण्यासाठी लक्षात ठेवण्याजोगी आहे.

पाटण्याचा बालक, आनंदपूरचा गुरू

गोविंदराय यांचा जन्म २२ डिसेंबर १६६६ रोजी पाटणा येथे झाला. पिता तेगबहादूर त्या वेळी पूर्वेकडे बंगाल-आसामच्या प्रवासात होते. मुलाची पहिली काही वर्षे पाटण्यास गेली आणि नंतर कुटुंब शिवालिकच्या पायथ्याशी, तेगबहादुरांनी १६६५ मध्ये वसविलेल्या वस्तीत आले. हेच पुढचे आनंदपूर.

१६७५ मध्ये काश्मिरातील पंडितांचे एक शिष्टमंडळ पंडित किरपाराम यांच्यासमवेत धर्मांतराच्या सक्तीचे गाऱ्हाणे घेऊन आनंदपुरास आले. तेगबहादुरांनी त्यांचा कैवार घेतला. नोव्हेंबर १६७५ मध्ये दिल्लीच्या चांदणी चौकात त्यांचा शिरच्छेद झाला. त्याआधी भाई मतिदास, सतिदास आणि दयाला या सोबत्यांचा त्यांच्या डोळ्यांदेखत छळ करून वध करण्यात आला. जानवे आणि टिळा गुरूंच्या स्वतःच्या पंथाची खूण नव्हती. दुसऱ्याच्या धर्मस्वातंत्र्यासाठी त्यांनी प्राण दिला, ही या बलिदानाची थोरवी आहे. भाई जैता या अंत्यज मानल्या गेलेल्या समाजातील शिष्याने गुरूंचे शिर जिवावर उदार होऊन आनंदपुरास पोहोचविले. लखी शाह वणजारा यांनी धड आपल्या घरात ठेवून घरालाच आग लावली आणि अशा रीतीने अंत्यसंस्कार केला. नऊ वर्षांच्या गोविंदरायाने पित्याचे शिर हाती घेतले आणि गुरुपदही.

पुढील वर्षे तयारीची होती. गुरुमुखी, ब्रज, संस्कृत आणि फारसी या भाषा त्यांनी आत्मसात केल्या. घोडेस्वारी, धनुर्विद्या आणि शिकार यांचा अभ्यास चालूच होता. यमुनेच्या काठी पांवटा येथे १६८५ ते १६८८ या काळात त्यांचा मुक्काम होता. तेथे त्यांच्या काव्यरचनेस बहर आला. त्यांच्या दरबारात बावन्न कवी होते, असे परंपरा सांगते. महाभारताच्या काही पर्वांचे ब्रज भाषेत रूपांतर या कवींनी केले. फारसीचे नामवंत कवी भाई नंदलाल 'गोया' हे गुरूंच्या निकटवर्तीयांपैकी होते. संस्कृत शिकण्यासाठी गुरूंनी पाच शिखांना काशीस धाडले, आणि त्यांच्यापासून विद्याव्यासंगी निर्मळा संप्रदायाची परंपरा सुरू झाली, असे मानतात. युद्धाच्या छायेत वावरणाऱ्या या पुरुषाचा विद्येशी इतका निकटचा संबंध होता.

१६८८ मध्ये भंगाणी येथे डोंगरी राजांशी पहिली मोठी लढाई झाली. येथे एक गोष्ट ध्यानात घेण्याजोगी आहे. गुरूंवर चालून आलेले हे राजे हिंदू होते, तर सढौऱ्याचे पीर बुद्धूशाह आपल्या पुत्रांसह आणि मुरीदांसह गुरूंच्या बाजूने लढले, आणि त्यांचे पुत्र त्या रणात पडले. गुरू गोविंदसिंहांच्या लढायांना केवळ दोन धर्मांतील संग्राम ठरविणाऱ्यांनी भंगाणीचे रण विसरू नये. आनंदपुरात जातिभेद न मानता सर्वांना शस्त्र देणारी शक्ती उभी राहत होती, आणि तिचे भय डोंगरी राजांना बादशहाइतकेच वाटत होते.

वैशाखी, १६९९

१६९९ च्या वैशाखीला आनंदपूर येथे मोठा मेळा भरला. भरसभेत गुरूंनी नंगी तलवार हाती घेऊन एका शिष्याचे शिर मागितले. सभा स्तब्ध झाली. अखेर लाहोरचा दयाराम उठला. त्यानंतर एकामागून एक आणखी चौघे उठले. हेच 'पंज प्यारे', म्हणजे पाच प्रियजन.

या पाचांची गावे आणि जाती पाहण्यासारख्या आहेत. दयाराम लाहोरचा खत्री, धर्मदास हस्तिनापूरचा जाट, हिम्मत जगन्नाथपुरीचा पाणक्या, मोहकमचंद द्वारकेचा छिंबा, म्हणजे कापड छापणारा-शिवणारा, आणि साहिबचंद बिदरचा न्हावी. पूर्व समुद्रापासून पश्चिम समुद्रापर्यंत आणि पंजाबपासून दख्खनपर्यंतचा प्रदेश या पाच नावांत आला आहे. त्यांतील तिघे तथाकथित खालच्या मानल्या गेलेल्या जातींतील आहेत. छिंबा म्हणजे आपला शिंपी. ग्रंथात ज्यांची पदे आहेत ते नामदेवही त्याच व्यवसायाचे. बिदरच्या साहिबचंदामुळे तर दख्खनचा धागा खालशाच्या जन्माच्या क्षणीच त्यात विणला गेला.

लोखंडी पात्रातील पाण्यात बत्तासे विरघळवून, ते दुधारी खांड्याने ढवळीत व वाणीचा पाठ करीत गुरूंनी 'अमृत' सिद्ध केले आणि एकाच पात्रातून पाचांना पाजले. जातिवाचक आडनावे गळून पडली आणि सर्व जण 'सिंह' झाले. स्त्रियांसाठी 'कौर' हे नाव रूढ झाले. केस, कंगवा, कडे, कृपाण आणि कच्छ ही खालशाची पाच चिन्हे ठरली. गावोगावच्या संगतीकडून वर्गणी गोळा करणारे आणि कालांतराने उन्मत्त झालेले 'मसंद' गुरूंनी बरखास्त केले, आणि संगतीचा संबंध थेट गुरूशी जोडला.

यानंतर जे घडले ते धर्मेतिहासात विरळा आहे. गुरू त्या पाचांसमोर हात जोडून उभे राहिले आणि त्यांनी त्यांच्याकडूनच अमृताची दीक्षा मागितली. पाचांनी ती दिली. गोविंदरायाचा गोविंदसिंह झाला तो शिष्यांच्या हातून. क्षणापूर्वी ज्याने दीक्षा दिली, तोच दीक्षितांचा दीक्षित झाला. त्या वेळी गुरूंचे तीन पुत्र हयात होते आणि चौथा त्याच सुमारास जन्मला. म्हणजे वारसाचा प्रश्न तेव्हा मुळीच नव्हता. तरीही अधिकार व्यक्तीकडून पंथाकडे नेण्याचे पहिले पाऊल त्यांनी त्या वैशाखीला, भरसभेत टाकले.

आनंदपूर ते मुक्तसर

खालशाची वाढती शक्ती डोंगरी राजांना आणि सरहिंदच्या मोगल सुभ्याला सहन होण्यासारखी नव्हती. आनंदपुरास दीर्घ वेढा पडला. अन्नपाणी तुटले. अखेर, गड सोडून गेल्यास वाटेत इजा होणार नाही, अशी शपथ वेढा घालणाऱ्यांनी घेतली. १७०४ च्या डिसेंबरात, काही अभ्यासकांच्या गणनेनुसार १७०५ च्या, गुरूंनी आनंदपूर सोडले. शपथ मोडून शत्रू पाठीवर तुटून पडला. पूर आलेल्या सरसा नदीच्या काठी कुटुंबाची फाटाफूट झाली. वर्षानुवर्षे जमविलेली हस्तलिखिते त्या पाण्यात गेली.

चमकौरच्या गढीत गुरूंसमवेत चाळीस शीख होते, असे परंपरा सांगते. थोरले पुत्र अजितसिंह आणि जुझारसिंह पित्याच्या डोळ्यांसमोर रणात उतरले आणि पडले. रात्री उरलेल्या शिखांनी गुरूंना गढी सोडण्याची विनंती केली. गुरू मानेनात. तेव्हा पाच शिखांनी एकत्र येऊन खालशाच्या नावाने आज्ञा केली, आणि गुरूंनी ती शिरसावंद्य मानली. आपला शिरपेच त्यांनी चेहऱ्याने साम्य असलेल्या एका शिखाच्या माथी ठेवला आणि काळोखात गढीबाहेर पडले. आनंदपूरच्या वैशाखीला केवळ विधी म्हणून जे झाले असे कोणास वाटले असेल, त्याची प्राणांतिक कसोटी चमकौरला लागली. आपण निर्मिलेल्या पंथाची आज्ञा, मनाविरुद्ध असूनही, गुरूंनी पाळली.

धाकटे जोरावरसिंह आणि फत्तेसिंह आजीसह पकडले गेले. सरहिंदचा फौजदार वजीरखान याने या कोवळ्या मुलांना धर्मांतर नाकारल्याबद्दल भिंतीत चिणून मारले. त्या दरबारात मालेरकोटल्याचा नवाब शेर मुहंमदखान याने मात्र निष्पाप बालकांवर सूड उगविण्यास उघड विरोध केला. त्याच्या त्या शब्दांची आठवण शीख समाजाने आजही कृतज्ञतेने जपली आहे. माछीवाड्याच्या रानात एकाकी भटकणाऱ्या गुरूंना गनीखान आणि नबीखान या पठाण बंधूंनी 'उच्चचे पीर' म्हणून पालखीत बसवून शत्रूच्या वेढ्यातून बाहेर काढले.

१७०५ मध्ये खिदराणा येथे पाठलाग करणाऱ्या सरहिंदच्या फौजेशी झुंज झाली. आनंदपूरच्या वेढ्यात उपासमारीला कंटाळून 'तुम्ही आमचे गुरू नाही, आम्ही तुमचे शीख नाही' असा लेखी कागद देऊन निघून गेलेले चाळीस जण, माई भागो या वीर स्त्रीच्या धिक्काराने लाजून परत आले होते. ते सारे येथे लढून पडले. मरणोन्मुख महासिंहाने गुरूंकडे एकच मागणे केले, की तो कागद फाडून टाकावा. गुरूंनी इतक्या धावपळीतही जपून ठेवलेला तो कागद त्याच्यासमोर फाडला. ते चाळीस जण 'मुक्ते' ठरले आणि खिदराण्याचे मुक्तसर झाले. माई भागो पुढे गुरूंबरोबर दक्षिणेत आल्या. त्यांची अखेरची वर्षे बिदरजवळच्या जनवाडा येथे गेली, अशी परंपरा आहे.

दक्षिणेची वाट

या सर्वनाशानंतर गुरूंनी औरंगजेबाला फारसी काव्यात एक पत्र लिहिले. तेच 'जफरनामा', म्हणजे विजयपत्र. ज्याचे सर्वस्व गेले त्याने आपल्या पत्राला विजयाचे नाव द्यावे, यात त्याचे सारे मर्म आहे. कुराणावरची शपथ मोडणारा बादशहा स्वतःच्याच धर्माला चुकला आहे, हे त्यात निर्भयपणे सांगितले आहे. अन्य सर्व उपाय खुंटल्यावरच शस्त्र उचलणे न्याय्य होते, ही गुरूंची भूमिकाही त्यातच आली आहे. पंज प्यार्‍यांपैकी दयासिंह आणि धर्मसिंह हे पत्र घेऊन दक्षिणेत आले. बादशहाचा शेवटचा मुक्काम तेव्हा अहमदनगरास (आजचे अहिल्यानगर) होता. मराठ्यांशी पंचवीस वर्षे झुंजून थकलेला तो वृद्ध सम्राट, आणि त्याच्या हाती पडलेले पंजाबातून आलेले हे पत्र, असा हा प्रसंग आहे. पंजाब आणि महाराष्ट्र या दोन्हीकडच्या स्वातंत्र्यलढ्यांचे धागे त्या छावणीत क्षणभर एकत्र आले.

दरम्यान तळवंडी साबो, म्हणजे दमदमा साहिब येथे गुरूंचा मुक्काम होता. परंपरेनुसार तेथेच त्यांनी भाई मणीसिंहांकरवी ग्रंथाची नवी प्रत सिद्ध करून घेतली आणि तीत पिता तेगबहादूर यांची वाणी समाविष्ट केली. स्वतः थोर कवी असूनही आपल्या रचनांचा अंतर्भाव मात्र त्यांनी केला नाही, असे मानले जाते. त्या रचना त्यांच्या पश्चात 'दशम ग्रंथा'त संकलित झाल्या. त्यातील सर्वच भाग गुरूंचा आहे काय, याविषयी अभ्यासकांत मतभेद आहेत. परंतु जो ग्रंथ पुढे गुरू व्हायचा होता त्यात स्वतःला स्थान न देणे, ही घटना गादीविषयीच्या त्यांच्या विचाराशी जुळणारी आहे.

बादशहाला भेटण्यासाठी गुरू दक्षिणेकडे निघाले असता वाटेत राजस्थानात असतानाच, मार्च १७०७ मध्ये औरंगजेब वारल्याची बातमी आली. वारसायुद्धात गुरूंनी शहाजादा मुअज्जम याची बाजू घेतली. तोच बहादूरशाह म्हणून तख्तावर आला. आग्र्यास त्याने गुरूंचा सत्कार करून साठ हजार रुपये किमतीचे रत्नजडित भूषण दिले. संगतीला पाठविलेल्या एका हुकूमनाम्यात गुरूंनी, बोलणी चालू असून आपण लवकरच परतणार असल्याचे कळविले आहे. त्यावरून सरहिंदच्या अत्याचाराचा न्याय बादशहाकडून होईल, अशी त्यांची काही काळ अपेक्षा असावी. पण बहादूरशाह विजापूर-हैदराबादकडे स्वतंत्र झालेला भाऊ कामबक्ष याच्यावर निघाला होता. गुरूही त्याच्याबरोबर बुऱ्हाणपूरमार्गे गोदावरीपर्यंत आले. न्याय मिळण्याचे चिन्ह नव्हते. बादशाही छावणी हैदराबादेकडे गेली आणि गुरू नांदेडास राहिले.

नांदेडचा निर्णय

नांदेडच्या नदीकाठी माधोदास नावाचा एक बैरागी मठ करून राहत होता. मूळचा तो राजौरीचा लक्ष्मणदेव. गुरूंच्या भेटीने त्याचे वैराग्य ओसरले आणि तो गुरूंचा 'बंदा' झाला. बंदासिंहाला गुरूंनी आपल्या भात्यातील पाच बाण, निशाण, नगारा आणि पंजाबच्या संगतींना उद्देशून हुकूमनामे देऊन उत्तरेस धाडले. सोबत सल्ल्यासाठी पाच शीख दिले. येथेही 'पाच' आहेतच. सेनापतीचा अधिकार बंदासिंहाला मिळाला. गुरुपद मिळाले नाही.

त्यानंतर एका पठाणाने विश्वास संपादून गुरूंवर कट्यारीचा वार केला. हा मारेकरी वजीरखानाने धाडला होता, असे शीख परंपरा सांगते. जखम शिवली गेली, पण पुढे एक जड धनुष्य ओढताना ती पुन्हा उसवली. अंत जवळ आला असे पाहून गुरूंनी संगतीला जवळ बोलाविले, ग्रंथ मांडविला, त्यापुढे पाच पैसे आणि नारळ ठेवला, आणि मस्तक टेकले. नव्या गुरूला गादी देण्याचा पूर्वापार विधी हाच होता. दरबारी कवी सेनापती याच्या 'श्री गुरसोभा' या काव्यातही, गुरूंनी आपले रूप खालशाला आणि गुरुत्व शब्दाला दिल्याचे सांगितले आहे.

गुरूंची मागे राहिलेली मालमत्ता जप्त करावी काय, असा प्रश्न मोगल दरबारात निघाला. दरवेशाच्या मालाने बादशाही खजिना भरायचा नाही, असा हुकूम बहादूरशाहाने दिला, अशी नोंद दरबारी अखबारात आहे. दरबाराच्या दृष्टीने वारशाचा प्रश्न मालमत्तेचा होता. खरा वारसा आधीच वाटून झाला होता.

वारस उरला नाही म्हणून हा निर्णय झाला, असे म्हणणाऱ्यांना येथवरच्या चरित्रातच उत्तर आहे. सोढी घराण्यात वारस होतेच. बकाल्याचा अनुभव सांगतो की, गादीला उमेदवार कधीच कमी पडत नाहीत. शिवाय नानकांच्या मूळ परिपाठाप्रमाणे एखाद्या योग्य शिष्याची निवडही करता आली असती, आणि बंदासिंहासारखा पुरुष समोर होता. १६९९ मध्ये पाचांकडून दीक्षा, चमकौरला पाचांची आज्ञा, दमदम्याला ग्रंथाची सिद्धता आणि नांदेडला गादी, असा हा क्रम आहे. पुत्रवियोगाने तो निर्णय अधिक करुण झाला. त्याचा उगम मात्र त्या दुःखात नाही.

निर्णयाची कसोटी

या व्यवस्थेची परीक्षा लगेचच झाली. बंदासिंहाने १७१० च्या मे महिन्यात चप्पडचिडीच्या रणात वजीरखानाला मारून सरहिंद घेतली, जमीनदारांची सत्ता मोडून कसणाऱ्यांना जमिनीचा हक्क दिला, आणि नाणे पाडले ते स्वतःच्या नावाने नव्हे, तर नानक आणि गोविंदसिंह यांच्या नावाने. डिसेंबर १७१५ मध्ये तो गुरदास नंगल येथे पकडला गेला आणि जून १७१६ मध्ये दिल्लीत अनन्वित छळ करून त्याला मारण्यात आले. त्याच्या काही अनुयायांनी त्यालाच गुरू मानण्याचा आग्रह धरला, तेव्हा खालशाने तो अमान्य केला. नांदेडचा शब्द टिकला.

पुढील अर्धशतक शिखांच्या शिरावर बक्षिसे लागली होती. ना राजा, ना राजधानी, ना देहधारी गुरू. तरीही अमृतसरला ग्रंथासमोर 'सरबत खालसा' भरत असे आणि तेथे झालेला ठराव 'गुरुमत्ता', म्हणजे गुरूचे मत, मानला जात असे. एखादा माणूस मारून हा पंथ संपविणे शक्य नव्हते, कारण त्याचे केंद्र कोणा एका माणसात उरलेच नव्हते. एकोणिसाव्या शतकाच्या आरंभी राज्य स्थापणाऱ्या रणजितसिंहानेही आपल्या सरकारला 'सरकार-ए-खालसा' म्हटले.

या रणजितसिंहानेच १८३० च्या दशकात नांदेडच्या हजूर साहिबची आजची भव्य वास्तू उभारली. ही भूमी निजामाची. निजामाचे पेशकार महाराजा चंदूलाल मूळच्या पंजाबी खत्री घराण्यातील. त्यांच्या काळात पंजाबातून शीख पथके हैदराबादच्या नोकरीत आली. त्यांच्या वंशजांनी दख्खनलाच घर मानले आणि ते 'दखनी शीख' म्हणून ओळखले जाऊ लागले. घरात दखनी उर्दू, बाजारात तेलुगू किंवा मराठी आणि गुरुद्वारात गुरुमुखी, असा त्यांचा संसार राहिला. हजूर साहिबच्या व्यवस्थेचा कायदा हैदराबाद विधिमंडळाने १९५६ मध्ये, राज्याचे विभाजन होण्याच्या तोंडावर केला. २००८ मध्ये गुरुगादीची त्रिशताब्दी नांदेडास साजरी झाली, तेव्हा देशोदेशींचे यात्रेकरू गोदावरीच्या काठी लोटले.

आज कोणत्याही गुरुद्वारात पहाटे ग्रंथाचा 'प्रकाश' होतो, म्हणजे तो उघडला जातो. रात्री 'सुखासन' होते, म्हणजे त्याला विश्रांती दिली जाते. राजाप्रमाणे त्यावर चवरी ढाळतात. परंतु हा राजा मुका राहून चालत नाही. तो रोज वाचावा लागतो. उघडलेल्या पानावरचे पद हाच त्या दिवसाचा 'हुकूम' असतो, आणि तो वाचण्याचा अधिकार कोणत्याही एका जातीचा नाही. गुरुमुखी वाचू शकणारा कोणीही शीख स्त्री-पुरुष त्या आसनाशी बसू शकतो. या ग्रंथासमोर मस्तक टेकणारा प्रत्येक जण त्यात समाविष्ट असलेल्या नामदेवांनाही वंदन करतो. ज्या नामदेवांचे जन्मस्थान परंपरेने हिंगोलीजवळचे नरसी मानतात, त्यांची वाणी पंजाबात जाऊन गुरुवाणी झाली, आणि तो ग्रंथ नरसीपासून फार दूर नसलेल्या नांदेडात गुरुपदी बसला.

शंभर वर्षे ग्रंथांच्या सहवासात राहिलेल्या वाचकांना या घटनेचा अर्थ वेगळा सांगण्याची आवश्यकता नाही. ज्याच्या एका शब्दावर हजारो माणसे प्राण देण्यास सिद्ध होती, त्या पुरुषाने आपला अधिकार पुत्राला, सेनापतीला किंवा एखाद्या लाडक्या शिष्याला न देता, सर्वांनी मिळून वाचावयाच्या एका ग्रंथाकडे सोपविला. भंगाणी, चमकौर आणि मुक्तसर या रणांइतकेच मोठे धैर्य त्याला नांदेडच्या त्या निर्णयासाठी लागले असेल.